सड्यावरचं एकपानी ऑर्किड कुंडीत का जगत नाही?

मृगाचे दोन-चार पाऊस पडून गेले की सह्याद्रीतल्या पठारांचे फोटो फोनवर फिरायला लागतात. कासचा रंगीत गालिचा भरतो ऑगस्टच्या अखेरीस. पण त्याच्या दोन महिने आधी, गवत नुकतं बोटभर झालेलं असताना, तिथे एक पांढरं फूल येऊन जातं. जमिनीला चिकटलेलं एकच पान, त्यातून निघालेली वीतभर दांडी आणि टोकाला दोन-तीन शुभ्र फुलं. फोटोखाली कोणीतरी सांगतं की हे ऑर्किड आहे, आणि लगेच पुढचा प्रश्न येतो: याचा कंद कुठे मिळेल?

काही जण विचारतही बसत नाहीत. छत्रीच्या टोकाने माती उकरतात, कंद रुमालात गुंडाळून घरी आणतात, कुंडीत लावतात. फूल आठवडाभर टिकतं, पान गणपतीपर्यंत हिरवं राहतं, मग पिवळं पडून वाळतं. पुढच्या जूनमध्ये कुंडीतून काहीच वर येत नाही. पाणी वेळेवर घातलेलं असतं, खत चांगलं असतं, ऊनही पुरेसं असतं. मग बिघडतं काय? या रिकाम्या कुंडीचं उत्तर कळायला हवं असेल, तर आधी हे झाड कुठे आणि कसं जगतं ते पाहावं लागतं.

## आधी ओळख

या फुलाचं शास्त्रीय नाव हबेनारिया ग्रँडिफ्लोरिफॉर्मिस. नाव लांबलचक आहे, कारण त्यामागे एक दुरुस्ती आहे. पूर्वी याला हबेनारिया ग्रँडिफ्लोरा, म्हणजे मोठ्या फुलाची हबेनारिया, म्हणत. पण ते नाव दुसऱ्याच एका जातीला आधी दिलं गेलं होतं. म्हणून ब्लॅटर आणि मॅकॅन या वनस्पती-अभ्यासकांनी १९३२ साली त्याला आजचं नाव दिलं. हबेना म्हणजे लॅटिनमध्ये लगाम किंवा चामड्याची वादी. या वंशातल्या फुलांना मागे लांब नळी असते आणि पाकळ्यांच्या पाळ्याही वादीसारख्या असतात, त्यावरून हबेनारिया. जगभरात या वंशाच्या आठशेच्या आसपास जाती आहेत. मराठीत या गटाला ‘हबे आमरी’ म्हणतात आणि आमरी हा शब्द एकूण ऑर्किडांसाठीच वापरला जातो. या लेखात सोयीसाठी आपण हिला एकपानी आमरी म्हणू.

ओळखायला सोपी आहे, पण फसगतही होते. पान गोलसर, बुडाशी किंचित हृदयाकृती, दोन-तीन बोटं रुंद आणि जमिनीला अगदी लिंपल्यासारखं चिकटलेलं. क्वचित दोन पानं. नेर्विलिया नावाच्या दुसऱ्या जमिनीवरच्या ऑर्किडलाही एकच पान असतं, पण त्याचं फूल आधी येऊन जातं आणि पान मागाहून उगवतं, शिवाय ते पंख्यासारखं चुण्या पडलेलं असतं. सड्यावर एका पानाचं छोटं नेचंही उगवतं, त्याला फुलाऐवजी मण्यांची सरळ काडी येते. एकपानी आमरीत पान आणि फूल एकाच वेळी असतात.

फूल जवळून पाहा. भिंग नसेल तर फोनचा कॅमेरा जवळ नेला तरी पुरतो. समोर खाली तीन पाळ्यांचा पांढरा ओठ दिसतो. ही खरं तर एक पाकळीच, पण इतरांहून वेगळी झालेली. त्याच्या मागून एक पोकळ नळी निघते आणि शेपटीसारखी खाली लोंबते. फुलाखाली जो देठ वाटतो तो देठ नसून बीजकोश आहे, आणि तो पिळलेल्या धुण्यासारखा वळलेला असतो. कळी असताना ओठ वरच्या बाजूला असतो. उमलताना हा बीजकोश स्वतःभोवती अर्धा फेरा घेतो आणि ओठ खाली आणतो, म्हणजे येणाऱ्या किड्याला उतरायला ओटा मिळतो.

## ऑर्किड म्हणजे झाडावरचं बांडगूळ ना?

नाही. आपल्याकडे सीतेची वेणी किंवा द्रौपदीची वेणी झाडाच्या फांदीवर दिसते म्हणून तिला बांडगूळ म्हणायची सवय आहे. बांडगूळ झाडात मुळं खुपसून त्याचा रस पितं. फांदीवरची ऑर्किडं फक्त बसायला जागा घेतात, पाणी पावसाचं आणि हवेतल्या ओलाव्याचं. जगातली बहुतेक ऑर्किडं अशी फांदीवरची असली, तरी कित्येक जाती सरळ मातीत वाढतात. महाराष्ट्रातल्या शंभराहून अधिक जातींमध्ये हबेनारिया, युलोफिया, नेर्विलिया, पेक्टेलिस असे जमिनीवरचे वंश भरपूर आहेत.

## सडा: वरून ओसाड, आतून हिशेबी

एकपानी आमरी पश्चिम आणि दक्षिण भारतातली. तिला उघडी, गवताळ, पातळ मातीची जागा लागते, आणि सह्याद्रीत अशी जागा म्हणजे सडा.

सडा म्हणजे डोंगरमाथ्यावरची किंवा कोकणातली सपाट, कातळाची जमीन. दख्खनच्या काळ्या पत्थरावर लाखो वर्षं मुसळधार पाऊस पडत राहिला. पाण्याने दगडातली विरघळणारी खनिजं धुऊन नेली आणि लोह व ॲल्युमिनियमची संयुगं मागे उरली. तोच जांभा. कोकणात घराचे चिरे काढतात तो हाच दगड, आणि त्याचं इंग्रजी नाव ‘लॅटराइट’ हेही विटेसाठीच्या लॅटिन शब्दावरून आलंय. कासचं पठार समुद्रसपाटीपासून साधारण १,२०० मीटरवर आहे. २०१२ साली युनेस्कोने पश्चिम घाटातल्या ज्या ३९ जागा जागतिक वारशात घेतल्या, त्यात महाराष्ट्रातल्या चार आहेत: कास, कोयना, चांदोली आणि राधानगरी.

जांभ्यावर माती कुठे अजिबात नसते, कुठे बोटाच्या दोन पेरांइतकी, कुठे भेगेत वीतभर. हा फरक झाडांना फार महत्त्वाचा असतो. कोऱ्या कातळावर शेवाळ आणि दगडफूल. पाणी साचतं त्या उथळ डबक्यांत गेंद आणि पाणवनस्पती. थोडी माती आणि थोडा उतार असून पाणी साचून न राहता झिरपत जातं, अशा गवताच्या तुकड्यांवर एकपानी आमरी. मातीचा थर जरा जाड झाला की टूथब्रशसारख्या एका बाजूला फुलं लागणारी तिची बहीण हबेनारिया हेनियाना, तीही ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये. ओल्या उभ्या कातळाच्या खाचेत हबेनारिया रॅरिफ्लोरा. एकाच पठारावर पाच-पन्नास पावलांत ही वस्ती बदलते. गावात कोणत्या आळीत कोण राहतं हे जसं ठरलेलं असतं तसंच.

मातीत जेवण मात्र बेताचंच. पाऊस नत्र धुऊन नेतो. दवबिंदू आणि सीतेची आसवे या वनस्पती सड्यावर किडे पकडून खातात, त्या याच टंचाईमुळे. त्यात वर्षाचे दोन टोकांचे मोसम. जुलै-ऑगस्टमध्ये धुकं आणि पाणी, तर एप्रिल-मेमध्ये कातळावर अनवाणी पाऊल ठेववत नाही. ज्या झाडाला इथे राहायचंय त्याने चार महिन्यांत सगळं काम आटोपायचं आणि आठ महिने दडून बसायचं.

## जमिनीखालचे दोन कंद

दडून बसायचं ते कंदात. एकपानी आमरीचा कंद करवंदापासून छोट्या सुपारीपर्यंतच्या मापाचा, मांसल असतो. खरं तर ते फुगलेलं मूळच आहे. जुलैत रोप काळजीपूर्वक पाहिलं तर खाली दोन कंद सापडतात. एक सुरकुतलेला, मऊ पडत चाललेला. दुसरा फिकट, टणक, अजून भरत असलेला.

जुना कंद मागच्या वर्षीची साठवण आहे. मृगाचा पाऊस लागला की तिच्यावरच अंकुर फुटतो, पान पसरतं आणि फूलही येतं. पान कामाला लागलं की ते साखर तयार करतं आणि शेजारी नवा कंद भरू लागतं. सप्टेंबरपर्यंत जुना कंद संपून फोलपट होतो, नवा पूर्ण भरतो, त्याच्या डोक्यावर पुढच्या वर्षीचा अंकुर बसतो आणि वरचं सगळं वाळून जातं. शेतकऱ्याच्या घरात कणगीतलं जुनं धान्य संपत असताना खळ्यावर नवं येत असतं, तशीच ही व्यवस्था. फरक इतकाच की इथे कणगी एकच. बटाट्याच्या एका रोपाला सात-आठ बटाटे लागतात, आमरीला बहुधा एका कंदाच्या जागी एकच कंद.

म्हणून कंद खणला की चालू साल आणि पुढचं साल दोन्ही एकदम जातात.

पान एकच, तेही जमिनीला चिकटलेलं, हे बघून वाटतं की हे झाड घाई का करतं, निवांत ऑगस्टमध्ये का फुलत नाही? कारण गवत. जूनच्या अखेरीस गवत बोटभर असतं, पानाला सरळ ऊन मिळतं. ऑगस्टमध्ये तेच गवत गुडघ्याला लागतं आणि जमिनीवरचं पान सावलीत जातं. त्याआधी फुलून, फळ धरून, कंदाची भरती बरीचशी उरकून घ्यायची असते.

## शिदोरी न घेता निघालेलं बी

खरी गुंतागुंत बियांत आहे.

नारळ घ्या. आत खोबरं, पाणी, बाहेर सोडण. रोप मुळं धरेपर्यंत लागणारी शिदोरी त्याने बरोबर आणलेली असते. हरभरा, भात, अगदी राईसुद्धा थोडीफार शिदोरी बांधूनच निघते. ऑर्किडचं बी काहीच नेत नाही. ते धुळीच्या कणाएवढं, बहुधा मिलिमीटरपेक्षाही लहान. आत मोजक्या पेशींचा गोळा, बाहेर जाळीदार पातळ पिशवी. एका बोंडात अशी हजारो बिया. बोंड वाळून त्याला उभ्या चिरा पडल्या की वारा ती भुकटीसारखी उडवून नेतो.

हलकं असल्याचा फायदा असा की बी एका डोंगरावरून दुसऱ्या डोंगरावर जाऊ शकतं. तोटा असा की पडल्या जागी स्वतःच्या जोरावर उगवूच शकत नाही. त्याला कुणीतरी भरवावं लागतं. हे भरवणारं म्हणजे मातीतली बुरशी.

पावावर येते ती बुरशी डोळ्यांपुढे आणू नका. ही बुरशी मातीत केसाहून बारीक धाग्यांच्या रूपात पसरलेली असते आणि कुजणारं गवत-पानं खाऊन जगते. तिचा एखादा धागा ऑर्किडच्या बीत शिरतो, पेशीच्या आत वेटोळी करतो. बी ती वेटोळी पचवतं आणि त्यातून साखर व खनिजं मिळवतं. मुळं आणि बुरशी यांच्या अशा भागीदारीला मायकोरायझा म्हणतात, मराठीत कवकमूळ. बी फुगून आधी एक पांढुरका गोळा होतो. त्याला ना पान, ना मूळ, ना हिरवेपणा. या अवस्थेत त्याचं सगळं पोषण बुरशीच्या खात्यावर चालतं. पहिलं हिरवं पान आल्यावर ते स्वतः कमवायला लागतं, आणि फुलायच्या ताकदीचा कंद तयार व्हायला आणखी काही पावसाळे जातात. त्यानंतरही बुरशीशी असलेला व्यवहार पुरता बंद होत नाही, मोठ्या रोपाच्या मुळांतही तिची वेटोळी सापडतात.

हे लक्षात आलं १८९९ साली. नोएल बर्नार या फ्रेंच वनस्पतिशास्त्रज्ञाला एका जंगली ऑर्किडची नुकती उगवलेली रोपं सापडली आणि प्रत्येकात बुरशी होती. त्याआधी युरोपातल्या काचघरांत माळी ऑर्किडचं बी पेरून थकले होते. कधी मूळ झाडाच्या बुंध्याशी पेरलेलं बी उगवायचं, कधी नाही, आणि का ते कुणालाच कळायचं नाही. बुंध्याशी उगवायचं, कारण त्या मातीत बुरशी होती.

## मग लाखो बियांतून इतकी कमी रोपं का?

बी पडलं त्या जागी योग्य बुरशी हवी, तिचे धागे बीपर्यंत पोचायला हवेत, तेव्हा ओल हवी, आणि पाऊस संपायच्या आत तगून राहण्याइतका छोटा कंद भरायला हवा. यातली एक गोष्ट चुकली तरी ते बी गेलं. म्हणून पठारावर शेकडो फुलं दिसली तरी त्यावरून पुढची पिढी सुखरूप आहे असं समजू नये. ती फुलं कित्येक वर्षं तग धरलेल्या जुन्या कंदांची असू शकतात. लग्नाला गाव भरलेलं दिसतं, पण गावच्या शाळेत पोरं किती आहेत हे वेगळं पाहावं लागतं.

## संध्याकाळचा पाहुणा

बी धरण्याआधी परागकण एका फुलातून दुसऱ्यात जायला हवेत. पांढरा रंग, लांब नळी आणि नळीच्या तळाशी मध, ही खूण पतंगांची, म्हणजे रात्री उडणाऱ्या, लांब सोंडेच्या किड्यांची. हबेनारिया वंशातल्या अनेक जातींवर असे पतंग येताना नोंदवले गेले आहेत. सोंड नळीइतकी लांब नसेल तर मध मिळत नाही, म्हणून येणारे पाहुणे मोजकेच असतात.

ऑर्किडचे पराग सुटे उधळत नाहीत. त्यांच्या दोन गाठोड्या असतात, प्रत्येकीला बारीक दांडी आणि दांडीच्या टोकाला चिकट टिकली. पतंगाने डोकं आत घातलं की टिकली त्याच्या सोंडेला किंवा डोळ्याला चिकटते आणि गाठोडी उपटून निघते. चार्ल्स डार्विनने युरोपातल्या एका जमिनीवरच्या ऑर्किडवर अणकुचीदार पेन्सिल घालून हे करून पाहिलं. गाठोडी पेन्सिलीला उभी चिकटली आणि साधारण अर्ध्या मिनिटात पुढे कलली. किडा दुसऱ्या फुलापाशी जाईपर्यंत गाठोडी बरोबर त्या कोनात आलेली असते, जिथे पुढच्या फुलाचा परागकण घेणारा भाग आहे. एवढं बारीक जुळलेलं काम रात्री चालतं, म्हणून पठाराच्या कडेला हॉटेलांचे प्रखर दिवे रात्रभर जळत राहिले तर पतंग तिकडे वळतात आणि फुलं तशीच राहतात.

## आता कुंडीकडे

जुलैत फुललेलं रोप खणलं तेव्हा काय काय झालं ते क्रमाने पाहू.

याची मुळं थोडी, आखूड आणि जाडसर असतात, मातीच्या वरच्या थरात आडवी पसरलेली. छत्रीच्या टोकाने उकरताना त्यातली बहुतेक तुटतात. तुटली नाहीत तरी त्यांना जोडलेले बुरशीचे धागे तिथेच राहतात. नवा कंद तेव्हा अर्धा भरलेला असतो. पान मातीपासून सुटतं, बऱ्याचदा त्याला चीर जाते, आणि ते एकच पान असतं.

तरीही रोप लगेच मरत नाही, इथेच आपण फसतो. जुन्या कंदात थोडी शिल्लक असते, तिच्यावर फूल टिकतं, पान हिरवं राहतं. रोप लागलं असं वाटतं. सप्टेंबरमध्ये पान वाळतं तेव्हाही शंका येत नाही, कारण सड्यावरही ते तेव्हाच वाळतं. पण मातीत उरलेला नवा कंद नेहमीपेक्षा बराच लहान असतो.

पुढचा घाव सवयीचा. कुंडीत शेणखत किंवा गांडूळखत असतं, आणि रिकामी दिसणाऱ्या त्या कुंडीला इतर कुंड्यांबरोबर रोज पाणी मिळतं. सड्यावर हा कंद ऑक्टोबरपासून मेपर्यंत कोरड्या मातीत झोपतो. कुंडीत त्याला झोपेतच पाणी आणि खत मिळतं, आणि कुजवणारी वेगळीच बुरशी त्यावर चढते. मार्चमध्ये कुंडी उकरली तर तिथे तपकिरी साल आणि चिकट गर सापडतो. कधी कोणी पाणी तोडून कंद वाचवतोही. मग जूनमध्ये सुपारीच्या जागी वाटाण्याएवढ्या कंदातून नखाएवढं पान येतं, फूल येत नाही, आणि दुसऱ्या-तिसऱ्या वर्षी तेही थांबतं.

सड्याची माती बरोबर आणली तर? काही महिन्यांचा फरक पडेल. पण ती बुरशी सड्यावरच्या गवताच्या कुजण्यावर, तिथल्या ओल-कोरडीच्या फेऱ्यावर जगते. कुंडीतली मूठभर माती तिला तितके दिवस पोसत नाही. आणि ती माती उचलताना सड्यावर जो खड्डा पडतो तो भरायला किती पावसाळे लागतील याचा विचार करवत नाही.

## बाजारात तर ढिगाने ऑर्किडं मिळतात

मिळतात, आणि ती घरी ठेवायला काहीच हरकत नाही. ती बहुतेक प्रयोगशाळेत वाढवलेली, फांदीवर वाढणाऱ्या जातींची संकरित रोपं असतात. १९२२ साली अमेरिकेतल्या लुइस नडसन यांनी दाखवलं की बुरशी जे देते ते साखर आणि क्षारांच्या रूपात बाटलीत दिलं तरी बी उगवतं. आजचा सगळा धंदा त्यावर उभा आहे.

जमिनीवरच्या ऑर्किडसाठीही हे करतात. बोंड फुटायच्या आत, हिरवं असतानाच घेतात, वरून निर्जंतुक करतात, स्वच्छ कक्षात चिरून बी आगरच्या, म्हणजे समुद्री शेवाळापासून केलेल्या जेलीच्या, थरावर पसरतात आणि बाटल्या बहुधा अंधारात ठेवतात. साखर असल्यामुळे एखादी बाहेरची बुरशी शिरली तर दोन दिवसांत बाटली गिळते. गोळे झाल्यावर ते पुन्हा पुन्हा नव्या बाटल्यांत हलवावे लागतात. दुसरी वाट म्हणजे जंगली रोपाच्या मुळातली बुरशी वेगळी काढून ओटच्या पिठाच्या आगरवर वाढवायची आणि बी तिच्याबरोबर पेरायचं. ऑस्ट्रेलियात दुर्मीळ ऑर्किडांसाठी ही पद्धत बरीच वापरली गेली आहे.

अडचण बाटलीबाहेर येताना होते. फांदीवरच्या ऑर्किडला वर्षभर सारखी हवा दिली की पुरतं. आमरीच्या रोपाला मात्र पहिला उन्हाळा यायच्या आत कंद तयार करावाच लागतो. बाटलीत छान हिरवं दिसणारं रोप कंदाशिवाय बाहेर आलं तर उन्हाळ्यात नाहीसं होतं. म्हणून ही रोपं प्रयोगशाळेत करून सड्यावर लावू, आणि तोवर सडा दुसऱ्या कामाला वापरू, हा हिशेब कागदावरच बसतो.

## आयुर्वेदात हे कंद वापरतात ना?

च्यवनप्राशातल्या अष्टवर्गात, म्हणजे आठ औषधी वनस्पतींच्या गटात, ऋद्धी आणि वृद्धी म्हणून हिमालयातल्या हबेनारियाच्या जाती वापरल्या जातात. त्यांचे कंद खणले गेल्याने तिथे त्या कमी होत गेल्या आहेत. भावप्रकाश या आयुर्वेदाच्या जुन्या ग्रंथात मात्र या दोन्हींच्या जागी वाराहीकंद घ्यायला सांगितलं आहे, म्हणजे अष्टवर्ग दुर्मीळ आहे ही जाण तेव्हाही होती. सड्यावरची एकपानी आमरी तर त्या यादीतलीही नाही, त्यामुळे औषधाच्या नावाखाली ती खणायला काहीच आधार नाही. कायद्याचंही सांगायला हवं. राखीव वनातून परवानगीशिवाय वनस्पती काढणं हा भारतीय वन अधिनियम, १९२७ नुसार गुन्हा आहे. शिवाय ऑर्किडचं सबंध कुल साइट्स या वन्यजीवांच्या व्यापारावरच्या आंतरराष्ट्रीय कराराखाली येतं, त्यामुळे जंगली रोप परवान्याशिवाय देशाबाहेर नेता किंवा पाठवता येत नाही.

## गुरं, वणवा आणि कुंपण

गुरं बंद केली की फुलं वाढतील, हे वरवर पटतं. पण हे पान जमिनीला चिकटलेलं असतं. चराई आणि गवतकापणी दोन्ही थांबली तर जुनं वाळकं गवत दाट साचतं आणि जूनमध्ये पानाला ऊनच मिळत नाही. कासच्या कुंपणावरून जो वाद झाला त्याचं मूळ इथेच आहे. कुंपणाने माणसांचे पाय थांबतात हे खरं, पण गुरंही थांबतात. उलट जुलैत, माती चिखल असताना मोठा कळप फिरला तर पानं फाटतात आणि पातळ माती खुरांनी सुटून वाहून जाते. तेव्हा चरू द्यायचं की नाही यापेक्षा कधी आणि किती हा प्रश्न महत्त्वाचा. बोंडं फुटून गेल्यावर, ऑक्टोबरपासून पुढे मर्यादित चराई किंवा गवतकापणी सगळ्यात कमी धोक्याची.

वणव्याबद्दल म्हणतात की कंद तर खाली असतो. पण माती दोन पेरांइतकीच आहे. शिवाय बुरशीचं अन्न म्हणजे कुजणारं गवत, तेच जळून जातं आणि उघडी पडलेली राख-माती पहिल्या वळवात धुपते.

## सातबारावर सडा असेल तर

सरकारी नोंदीत सडा अनेकदा पोटखराबा म्हणून लागतो, म्हणजे पिकाला निरुपयोगी जमीन. तो शब्द पिकापुरता बरोबर आहे. पण त्यामुळे चिरेखाण, बॉक्साइटची खाण, पवनचक्कीचे रस्ते, कातळ फोडून भरावाच्या मातीत लावलेली कलमं, या सगळ्यांना आधी सडाच आठवतो. भरावाची माती टाकली की जमीन सुधारली असं वाटतं. आमरीच्या दृष्टीने मात्र ते पुरणं असतं. वीतभर मातीखालून तो छोटा अंकुर वर येऊ शकत नाही, आणि खताच्या मातीबरोबर आलेलं जोमदार तण उरलेली जागा घेतं.

पठार पाहायला जाणाऱ्यांनी मळलेल्या वाटेवरून किंवा उघड्या कातळावरून चालावं, गवतावरून नाही. जूनमध्ये फूल दिसतं, पण त्याच्या आजूबाजूची फक्त पानाची रोपं दिसत नाहीत आणि पाय नेमका त्यांच्यावर पडतो. फोटोसाठी आडवं झोपू नये, फोन खाली धरून घ्यावा. नेमकी जागा दाखवणारी खूण फोटोसोबत टाकू नये, तालुका पुरेसा आहे.

स्वतःच्या सड्यावर आमरी असेल तर मोजणी करणं अवघड नाही. एक मीटर लांबी-रुंदीची दोरीची चौकट करा आणि दहा-बारा जागी तिच्या चार कोपऱ्यांवर जांभ्याचे दगड ठेवून खूण करा. दरवर्षी जुलैच्या पहिल्या आठवड्यात त्याच चौकटी लावून तीन आकडे लिहा: एकूण पानं, फूल आलेली रोपं, आणि नखाएवढी पानं. ऑगस्टमध्ये परत जाऊन बोंडं मोजा. फुलं भरपूर पण बोंडं नाहीत असं झालं तर पतंग येत नाहीत. बोंडं आहेत पण नखाएवढी पानं वर्षानुवर्षं दिसत नाहीत, तर मातीत काहीतरी बिघडलं आहे. गवताची उंचीही टिपून ठेवा. आणि एखाद्या वर्षी चौकटीत पानं निम्मी दिसली म्हणून नोंद सोडू नका. जमिनीवरच्या ऑर्किडांचे काही कंद एखादा पावसाळा खालीच काढतात आणि पुढच्या मृगात त्याच जागी वर येतात.